कोनता गावना शे रे भो तू?

जून लागला की आमच्याकडच्या प्रत्येक तालुक्याच्या स्टॅण्डवर पासच्या खिडकीपुढे मुलींची लाईन लागते. चोपडा घ्या, अमळनेर घ्या, पारोळा, शहादा, शिरपूर, कुठेही जा, दहावी होऊन अकरावीला ॲडमिशन झालेल्या आणि आयुष्यात पहिल्यांदाच रोज गावाबाहेर पडणाऱ्या पोरी, हातात फोटो चिकटवलेला फॉर्म, बोनाफाईड, आधारची झेरॉक्स, आणि एकमेकींत चाललेला दंगा. मला ती लाईन बघायला फार आवडतं. अहिल्याबाई होळकर योजनेत बारावीपर्यंत त्यांना पास फुकट आहे, आणि १७ मार्च २०२३ पासून तर सगळ्याच बायकांना एसटीत अर्धं तिकीट. याने खान्देशात बरंच काही हललं, आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, माहेरी जायचं तर नवऱ्याकडे पैसे मागावे लागत नाहीत, भुसावळला डॉक्टरकडे जायचं काम चार महिने पुढे ढकललं जात नाही, गाड्यांमध्ये बायकाच बायका दिसतात.

पण तिकीट अर्धं झालं, थांबा होता तसाच राहिला. गाडीत बसायच्या आधी बाईला कुठेतरी उभं राहावं लागतं, कधी दहा मिनिटं, कधी दीड तास, आणि मला जे लिहायचंय ते या उभं राहण्याबद्दल आहे.

मी ज्युनिअर कॉलेजला शिकवते. त्याआधी स्वतः बरीच वर्षं अपडाऊन केलंय, सुरत लाईनच्या पॅसेंजरने, एसटीने, काळी-पिवळीने, जे मिळेल त्याने. त्यामुळे थांबे मला आतून माहिती आहेत, आणि सगळे थांबे सारखे नसतात, हे ज्यांनी कधी वाट बघितली नाही त्यांना कळत नाही. तालुक्याच्या स्टॅण्डवर गर्दी असते, कंट्रोलरची खिडकी असते, कॅन्टीन असतं, तिथे त्रास होतो तो गर्दीच्या आडून होतो. गाडी फलाटाला लागायच्या आधीच माणसं तिच्यामागे पळतात, खिडकीतून रुमाल टाकतात, दप्तर टाकतात, सीट धरतात, आणि दाराशी जी चेंगराचेंगरी होते तिथेच हात फिरतात. बघणाऱ्याला काहीच दिसत नाही. मुलीला मात्र पक्कं कळतं की हा धक्का नव्हता.

फाट्यावर उलटं. फाट्यावर कुणीच नसतं. एक लिंबाचं झाड, आमदार किंवा खासदार निधीतून बांधलेली एक शेड, समोरून केळीचे ट्रक जाताहेत, आणि चार पोरी. मग एक मोटरसायकल जाते, ती पुढून वळून परत येते, परत जाते. तिसऱ्या वेळी थांबते. काहीतरी बोलतात, गाणं लावतात, आता तर मोबाईल काढून सरळ शूटिंग करतात. तिसरा प्रकार हायवेचा, आपलं विद्यापीठ बांभोरीला आहे ना, गिरणा ओलांडली की लगेच, तसल्या ठिकाणी पोरं-पोरी हायवेच्या कडेला उभी असतात आणि गाड्या इतक्या जोरात जातात की कुणी कुणाला काय म्हटलं हे दोन हातांवरच्या माणसालाही ऐकू येत नाही. रेल्वेचं वेगळंच, तिथे प्लॅटफॉर्मच्या टोकाला, जिथे लेडीज डबा येतो, तिथेच नेमका दिवा नसतो असं मी किती ठिकाणी बघितलंय.

आणि ती शेड. एप्रिलमध्ये परीक्षा चालू असतात, आमच्याकडे तेव्हा पारा बेचाळीस-त्रेचाळीसवर गेलेला असतो, आणि शेड रिकामी असो नसो मुली उन्हातच उभ्या दिसतील. बाहेरच्या माणसाला वाटतं काय वेड्या पोरी आहेत, सावली सोडून उन्हात. पण तीन बाजूंनी भिंत असलेल्या शेडमध्ये आत पत्ते खेळणारे बसलेले असतात, नसले तर केव्हाही येऊ शकतात, आत बसलेली मुलगी रस्त्यावरून दिसत नाही आणि तिला बाहेर पडायला एकच बाजू असते. त्या पोरींनी बरोबर हिशोब केलेला असतो. कुणी न शिकवता केलेला असतो. तो हिशोब त्यांना या वयात करावा लागतो याचाच मला राग येतो.

आता आपण मुलींना काय सांगतो? ओढणी नीट घे, कुणाकडे बघू नको, हसू नको, मैत्रिणीसोबतच जा, कानात हेडफोन घालू नको, लवकर ये. यातलं काही अगदीच चुकीचं नाही, हेडफोनचं तर बरोबरच आहे, मागून कोण येतंय ते ऐकू यायला पाहिजे. पण ही सगळी यादी मुलीच्या वागण्याची आहे, त्या मोटरसायकलवाल्याबद्दल यात एक अक्षर नाही. इतकी वर्षं मुलींकडून ऐकून ऐकून मला एक गोष्ट पक्की कळलीय, त्याचं सगळं दोनच गोष्टींवर चालतं. एक म्हणजे त्याला कुणी काही विचारत नाही. दुसरी म्हणजे ती कुणाला काही सांगत नाही. या दोन्ही तुटल्या तर तो टिकत नाही.

दुसरीबद्दल आधी बोलते कारण ती घरातली आहे.

आमच्या वर्गात एक मुलगी होती, हुशार, अकाउंट्समध्ये तर फार चांगली. दिवाळीनंतर यायची बंद झाली. घरी निरोप पाठवला तर म्हणे आजीची तब्येत बरी नाही, घरी माणूस पाहिजे. मग बऱ्याच दिवसांनी तिच्या मैत्रिणीने सांगितलं की फाट्यावर एक जण रोज उभा राहायचा, नंतर गाडीत चढायला लागला, नंतर नंबर मागायला लागला, आणि हिने धीर करून घरी सांगितलं. घरच्यांनी तिला मारलं नाही, ओरडलेसुद्धा नाहीत. फक्त म्हणाले, उद्यापासून जाऊ नको. पुढच्या आखाजीला तिचं लग्न होतं.

तिच्या सोबतच्या बाकीच्या मुली यावरून काय शिकल्या असतील? सांगायचं नाही, हेच. सांगितलं की कॉलेज बंद. तो मोटरसायकलवाला फिरत राहतो, त्याचं काहीच बंद होत नाही, बंद होतं ते हिचं. मग मुली वर्षानुवर्षं गिळतात, रस्ता बदलतात, एक गाडी सोडून दुसरीने जातात, दोन किलोमीटर पुढच्या थांब्यावर चालत जातात आणि घरी सांगतात की गाडीला गर्दी होती. आणि आई-बापांना वाटतं आमच्या मुलीला काही त्रास नाही, आमची मुलगी सरळ आहे.

म्हणून आता पालकसभेत मी एकच विनंती करते. बाकी अभ्यास, हजेरी, मोबाईल हे सगळं नंतर. म्हणते, आज घरी जाऊन मुलीला समोर बसवा आणि सांगा की रस्त्यात, गाडीत, थांब्यावर काही झालं तर आम्हाला सांग, आम्ही तुझं शिक्षण बंद करणार नाही. हे वाक्य तोंडाने बोला, मनात ठेवून उपयोग नाही. आणि काही घडायच्या आधी बोला, घडल्यावर तिला ते ऐकायचा धीर राहत नाही. एका सभेत एक बाप उठून म्हणाला, मॅडम, पण जाऊ द्यायचं तरी कसं, काही बरंवाईट झालं तर? त्याचं दुःख खोटं नव्हतं, कपाशीच्या शेतावर राबून पोरीला शिकवणारा माणूस तो. मी म्हटलं, दादा, तुम्ही चार दिवस तिच्यासोबत थांब्यावर येऊन उभे राहा, तुमच्या भावाला पाठवा, गावातल्या चार जणांना सांगा, आम्हाला सांगा, पोलिसांना सांगा, पण तिला थांबवू नका, कारण थांबवलं तर उद्या दुसऱ्या कुणाची मुलगी तुम्हाला किंवा मला सांगायला येणारच नाही. तो बाप आला खरंच, आठवडाभर थांब्यावर येऊन नुसता बसायचा. त्याच्या मुलीला त्या आठवड्यात थोडी लाज वाटली असेल, पण ती पुढे बारावी झाली.

आता पहिली गोष्ट, त्याला कुणी विचारत नाही.

आपल्या खान्देशात एक सवय आहे, शहरातून आलेल्या माणसाला तिचा वैताग येतो. कुणीही भेटला की आधी गाव विचारायचं. कोणतं गाव, कुणाचे तुम्ही, त्या गावात अमक्याला ओळखता का, अच्छा म्हणजे तमक्याचे भाचे, असं करत करत पाच मिनिटांत नातं काढायचं. आमच्या एका स्टॅण्डवर भाजीची टोपली घेऊन बसणाऱ्या एक आजी आहेत, त्यांनी या सवयीचं काय करून दाखवलं ते मी डोळ्याने बघितलंय. फलाटाच्या खांबाला टेकून एक पोरगा बराच वेळ एका मुलीच्या अगदी जवळ सरकत होता, ती एक पाऊल बाजूला झाली की हा एक पाऊल पुढे. आजूबाजूला बरीच माणसं, सगळ्यांना दिसत होतं, सगळे मोबाईलमध्ये. आजींनी आधी मुलीला हाक मारली, "ये वं माय, आठे बस मन्हाजोडे." इथे माझ्याजवळ बस, जशी काही नात आहे. मुलगी जाऊन टोपलीशेजारी बसली. मग त्या पोराकडे वळून, आवाज अजिबात न चढवता, पण सगळ्यांना ऐकू जाईल असं, "कोनता गावना शे रे भो तू? कोना पोऱ्या शे?"

बस एवढंच. शिवी नाही, आरडाओरडा नाही. तो काहीतरी पुटपुटला, आजी परत म्हणाल्या, गाव सांग ना बापा. आता बाकीचे दोन-तीन जणही वर बघायला लागले. तो निघून गेला, गाडी न घेताच गेला, म्हणजे त्याला कुठे जायचंच नव्हतं.

छळ होताना आजूबाजूच्या माणसाने काय करावं यावर जगात बरंच काम झालंय. न्यूयॉर्कमध्ये २००५ साली सुरू झालेल्या होलाबॅक नावाच्या संस्थेने त्याच्या पाच पद्धती सांगितल्यात, लक्ष दुसरीकडे वळवा, दुसऱ्या कुणाची मदत घ्या, जे घडतंय त्याची नोंद ठेवा, नंतर तिची विचारपूस करा, आणि जमत असेल तर सरळ अडवा. आजींनी यातल्या दोन एका मिनिटात केल्या, मुलीला हाक मारून प्रकार मोडला आणि मग त्याला अडवलं. मला हे यासाठी महत्त्वाचं वाटतं की आपल्याकडे लोक मध्ये पडत नाहीत ते बहुतेक वेळा भीतीने, उगाच मारामारी नको, चाकू काढला तर, पोलीस केस झाली तर. पण मध्ये पडणं म्हणजे कॉलर धरणंच नाही. मुलीला जाऊन वेळ विचारा, "ताई, जळगाव गाडी गेली का" विचारा, तिच्या आणि त्याच्या मध्ये नुसते उभे राहा. गाव विचारा. त्याला अनोळखी राहायचं असतं, तेवढं फक्त त्याच्याकडून काढून घ्या.

याला एक दुसरी बाजू आहे, ती न सांगता पुढे जाणं मला बरोबर वाटत नाही. ही ओळखीची सवय मुलींवरही उलटते. कुणाची पोरगी आहे हे सगळ्यांना माहीत, त्यामुळे थांब्यावर काही घडलं की ती घरी पोचायच्या आधी गोष्ट घरी पोचते, आणि पोचते ती वळण घेऊन, ती कुणाशी तरी बोलत होती म्हणे. शिवाय काही लोकांना गाव आणि आडनाव विचारायचं असतं ते वेगळ्याच कारणासाठी. मुलगा कोणत्या जातीचा, कोणत्या धर्माचा हे कळलं की मग प्रकरण दोन गटांचं होतं, घोषणा होतात, बाजार बंद होतो, आणि ज्या मुलीला त्रास झाला ती कुठल्या कोपऱ्यात गेली हे कुणी बघत नाही. आणि स्टॅण्डवर एकत्र बसलेल्या वर्गातल्या मुला-मुलीला उठवून नावं विचारणं, घरी फोन लावणं, याला मी सुरक्षा मानत नाही. त्याने मुली आणखी गप्प होतात. प्रश्न त्रास देणाऱ्याला विचारायचा असतो, आणि तो त्रास थांबवण्यापुरताच.

फेब्रुवारी २०२५ मध्ये पुण्याच्या स्वारगेट स्टॅण्डवर एका तरुणीवर बलात्कार झाल्याची जी घटना घडली त्यानंतर आमच्या मुलींमध्ये कित्येक दिवस तोच विषय होता. पहाटेची वेळ, ती फलटणच्या गाडीची वाट बघत होती, तो जवळ येऊन ताई म्हणाला, गाडी इथे नाही तिकडे लागलीय म्हणाला, आणि उभ्या असलेल्या अंधाऱ्या शिवशाहीकडे घेऊन गेला. ही गोष्ट मी मुलींसमोर पुन्हा पुन्हा मांडते, घाबरवायला नाही. त्याने जबरदस्तीने सुरुवात केली नाही, त्याने माहिती दिली. गाडी कुठे लागलीय हे त्या स्टॅण्डवर उभ्या असलेल्या बाईला हवंच होतं, ते त्याने दिलं. म्हणून गाडी कुठे लागली हे विचारायचं ते चौकशीच्या खिडकीवर, कंट्रोलरला, किंवा ड्रेसवर असलेल्या कंडक्टरला, आणि दुसरं कुणी आपणहून सांगायला आलं तर हो म्हणून तिथेच उभं राहायचं. रिकाम्या, दिवे बंद असलेल्या गाडीत एकटीने चढायचं नाही, कंडक्टर आल्यावरच. सरकारने त्यानंतर राज्यातल्या सगळ्या स्टॅण्डचं सुरक्षा ऑडिट करायला आणि आवारात पडलेल्या भंगार गाड्या हलवायला सांगितलं, ते योग्यच होतं. पण मला विचाराल तर प्रत्येक फलाटावर नीट दिसणारा बोर्ड आणि पहाटेसुद्धा चालू असलेली अनाउन्समेंट हीच सगळ्यात मोठी सुरक्षा आहे. स्टॅण्डने वेळेत खरं सांगितलं तर खोटं सांगणाऱ्याला जागाच उरत नाही.

आणि तेव्हा जे लोक म्हणाले की ती ओरडली का नाही, त्यांना एक सांगायचंय. माझ्यासोबत कॉलेजच्या काळात गाडीच्या दाराशी घडलं होतं, आणि मी ओरडले नव्हते. घरी कितीतरी वेळा मनात ठरवलेलं होतं की असं झालं तर मागे वळून थोबाडीत मारायची. प्रत्यक्षात पाय जड झाले, घसा बंद, आजूबाजूचा आवाज लांबून येतोय असं वाटलं. भीतीत शरीर असं थिजतं, ते आपल्या हातात नसतं, अनेक जणींचं होतं, आणि न ओरडणं म्हणजे मान्य असणं नव्हे. हे मुलींना आधीच माहीत असलं तर नंतर स्वतःला दोष देत बसत नाहीत. आमच्या मावशी-काकू सेफ्टी पिन हातात धरून गाडीत चढायच्या, अजूनही कितीजणी चढतात, कराटेची शिबिरं होतात, चांगलंच आहे, अंगात धीर येतो. फक्त सोळा वर्षांच्या मुलीचं अकाउंट्सच्या पेपरला जाणं पिनेवर अवलंबून असू नये.

जमलं तर काय बोलायचं तेही आम्ही वर्गात म्हणून बघतो, मोठ्याने, खिडक्या बंद करून. नुसतं "काय करताय" म्हटलं तर कुणाला काही कळत नाही. "निळा शर्ट, हात बाजूला घ्या" म्हटलं की सगळ्यांच्या नजरा निळा शर्ट शोधतात. पहिल्यांदा म्हणताना मुली हसतात, आवाजच निघत नाही, लहानपणापासून हळू बोल हळू बोल ऐकलेल्या पोरी त्या. तिसऱ्या-चौथ्या वेळी आवाज येतो. थांब्यावर उभं राहायचं ते भिंतीला किंवा खांबाला पाठ लावून, बायका किंवा दुकान जिथे असेल तिथे, शेवटची गाडी किती वाजता आणि ती चुकली तर फोन कुणाला हे पाठ पाहिजे. घटना झाली की लगेच मैत्रिणीला व्हॉट्सॲपवर दोन ओळी टाकायच्या, जागा, गाडीचा नंबर, काय झालं, कारण त्या मेसेजवर वेळ आपोआप पडते आणि पुढे तक्रार करायची झाली तर ती कामाला येते. बऱ्याचशा स्मार्टफोनवर पॉवरचं बटण पटापट दाबलं की इमर्जन्सी कॉल लागतो, पण आपल्या फोनमध्ये ते चालू आहे का हे घरी बसून आधी बघून ठेवायचं. नंबर ११२, रेल्वेत असलं तर १३९. लेडीज डब्यात पुरुषाने शिरणं हा रेल्वे कायद्याच्या कलम १६२ खाली गुन्हा आहे, हे माहीत असलं की "थोडं पुढच्या स्टेशनपर्यंतच" म्हणणाऱ्याला खाली उतर म्हणता येतं.

कायद्याचं थोडं सांगते, कारण लोकांना वाटतं की छेडछाड म्हणजे काही केस होत नाही. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू आहे. वाईट हेतूने अंगाला हात लावणं, बळ वापरणं हे कलम ७४, त्यात कमीत कमी एक वर्ष आणि जास्तीत जास्त पाच वर्षं शिक्षा. अश्लील बोलणं, मागणी करणं ७५. नाही म्हटल्यावरही सतत मागे लागणं, पाठलाग, हे ७८, तो रोज फाट्यावर येऊन नंबर मागणारा यात बसतो, पहिल्या वेळी तीन वर्षांपर्यंत, परत केलं तर पाच. शब्दाने, खुणेने अपमान करणं ७९. तक्रार कोणत्याही पोलीस ठाण्यात देता येते, घटना त्यांच्या हद्दीतली नाही म्हणून परत पाठवता येत नाही, आणि अशा गुन्ह्यात बाईची तक्रार महिला अधिकाऱ्याने लिहून घ्यायची असते. कलम ७४ ची तक्रार नोंदवायला नकार देणं हा त्या अधिकाऱ्याचाच गुन्हा ठरतो, कलम १९९.

आणि अकरावी-बारावीच्या बहुतेक मुली अठराच्या आतल्या असतात, म्हणजे पॉक्सो लागतो, लहान मुलांवरच्या लैंगिक अत्याचारांविरुद्धचा २०१२ चा कायदा. यातली एक गोष्ट मी प्रत्येक आईला सांगते कारण आयांना सगळ्यात जास्त भीती असते ती ठाण्याची पायरी चढायची. पॉक्सोत मुलीचा जबाब तिच्या घरी किंवा तिला जिथे बरं वाटेल तिथे घ्यायचा असतो, शक्यतो महिला अधिकाऱ्याने, आणि जबाब घेताना अधिकारी गणवेशात नसावा असं कायद्यातच लिहिलंय. मुलीचं नाव, शाळा, गाव पेपरात छापता येत नाही. हे सांगितलं की आयांचे चेहरे थोडे सैल होतात. निर्भया पथक, दामिनी पथक यांचा नंबर कॉलेजच्या फळ्याच्या कोपऱ्यात कायमचा लिहून ठेवायचा, पुसायचा नाही.

पण सगळं मुलींनीच का करायचं, थांब्यानेही काहीतरी केलं पाहिजे ना. कॅनडातल्या टोरंटोमध्ये १९८९ च्या सुमारास बायकांनीच रात्री रस्त्याने फिरून कुठे भीती वाटते ते कागदावर लिहायला सुरुवात केली, दिवा कुठे नाही, कुठून कुणी लपून येऊ शकतं, हाक मारली तर कुणाला ऐकू जाईल. तिथल्या बससेवेने १९९१ मध्ये रात्री बायकांना दोन थांब्यांच्या मध्येही उतरायची सोय केली. आपल्याकडे २०१३ मध्ये दिल्लीत सेफ्टीपिन नावाचं ॲप आलं, ते उजेड, मोकळेपणा, आजूबाजूला माणसं आणि त्यातही बायका किती, अशा गोष्टींवर जागेला मार्क देतं. आणि एसटीचं "हात दाखवा, गाडी थांबवा" तर आपण लहानपणापासून ऐकलंय. म्हणजे अंधार पडल्यावर एकटी मुलगी उतरणार असेल तर गाडी तिच्या वस्तीच्या तोंडाशी थांबणं ही काही परदेशी कल्पना नाही, कितीतरी ड्रायव्हर-कंडक्टर आजही आपणहून थांबवतात, मी त्यांना नेहमी उतरताना थँक्यू म्हणते.

आम्ही पण एकदा मुलींना घेऊन संध्याकाळी एका फाट्यावर गेलो, वही-पेन घेऊन. मला वाटलं होतं दिव्याचं लिहितील. दिव्याचं लिहिलंच, पण पहिलं जे लिहिलं ते वेगळं होतं, गाडीची वेळ. कॉलेज सुटतं दुपारी, गाडी येते पाचच्या पुढे, मधले तास त्या तिथे उभ्या. बाकी सगळा त्रास या मधल्या तासांत होतो. मग लिहिलं शेडची भिंत कमरेएवढीच ठेवा, म्हणजे आतलं बाहेर आणि बाहेरचं आत दिसेल. बाथरूम नाही, त्यामुळे सकाळपासून पाणीच पीत नाही, हे एकीने लिहिलं, आणि एकीने लिहिलं तसं सगळ्यांनी. पानाची टपरी हलवा असं मी सुचवलं तर मुली नको म्हणाल्या, टपरीवाले दादा चांगले आहेत, टपरी चालू असली की उजेड असतो आणि माणूस असतो, ते रात्री आठपर्यंत चालू ठेवतील का तेवढं विचारा.

गाडीच्या वेळेचं मला तेव्हा लख्ख पटलं, कारण २०२१ च्या दिवाळीपासून २०२२ च्या एप्रिलपर्यंत एसटीचा संप होता ते महिने मी विसरलेली नाही. कामगारांच्या मागण्या खऱ्या होत्या, त्याबद्दल तक्रार नाही. पण लालपरी बंद झाली तेव्हा कळलं की कंडक्टर असलेली, ठरलेल्या वेळेला येणारी, मधल्या रस्त्यात वाट न सोडणारी गाडी म्हणजे काय असतं. मुली क्रुझरमध्ये दाटीवाटीने, पुढच्या सीटवर ड्रायव्हर आणि अजून एक यांच्या मध्ये बसून यायच्या, आणि कितीजणी तर यायच्याच बंद झाल्या. त्यातल्या सगळ्या परत आल्या नाहीत.

म्हणून अर्ज केला. आगार व्यवस्थापकांच्या नावे, प्रत विभाग नियंत्रकांना, सोबत कॉलेजचं टाइमटेबल, कोणत्या गावच्या किती मुली याचा तक्ता, आणि सह्या. सरपंचांच्या लेटरहेडवरचा अर्ज वेगळा जोडला, पण मुख्य अर्जावर सह्या मुलींच्याच, कारण वाट त्याच बघतात. पाठपुरावा करावा लागला, एकदा जाऊन होत नाही, पण दुपारची फेरी कॉलेज सुटायच्या वेळेला जुळवून मिळाली. रात्री गावातच थांबून पहाटे निघणाऱ्या मुक्कामी गाडीचं अजून बोलणं चालू आहे, ती परत सुरू झाली तर सकाळच्या प्रॅक्टिकलवाल्या मुलींना अंधारात फाट्यापर्यंत चालत यावं लागणार नाही.

आता १५ ऑगस्टच्या ग्रामसभेत फाट्यावरचा दिवा आणि शेडची भिंत हे दोन विषय मांडायचे आहेत. विषय लेखी आधी द्यावे लागतात, ते मुलींनी लिहून झालेत, शेजारच्या दोन गावांतल्या मुलीही सह्या करताहेत कारण थांबा तिन्ही गावांचा एकच आहे. टपरीवाल्या दादांनीही सही केलीय.